गरज पडल्यास: हर्शीत शिकलेला प्लेऑफ

२०२३ च्या उन्हाळ्यात आमच्या फ्रिजवर एक कागद चिकटवलेला होता. हर्शी बेअर्स या इथल्या हॉकी टीमच्या प्लेऑफचं, म्हणजे मोसमाअखेरच्या बाद फेरीचं, वेळापत्रक. काही सामन्यांपुढे छोटीशी चांदणी होती आणि तळाला बारीक अक्षरात तिचा अर्थ दिला होता: 'गरज पडल्यास'. ते दोन शब्द मला नीट कळायला दोन महिने लागले. इथे अमेरिकेत नवीन आलेली मराठी माणसं शाळेतल्या मुलांमुळे हळूहळू हॉकीकडे ओढली जातात आणि एप्रिल आला की गोंधळतात. तसा माझाही गोंधळ झाला होता, म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

आम्ही पेनसिल्व्हेनियात, हर्शीपासून वीस मिनिटांवर राहतो. हे गाव चॉकलेटच्या कारखान्याभोवती वसलेलं. चॉकलेट अव्हेन्यूवरचे दिवेसुद्धा 'किस' नावाच्या चॉकलेटच्या आकाराचे, काही चांदीच्या कागदात गुंडाळल्यासारखे, काही उघडे. गावाची बर्फावरच्या हॉकीची टीम म्हणजे बेअर्स. १९३८ पासून ती अमेरिकन हॉकी लीगमध्ये, म्हणजे एएचएलमध्ये खेळते. एनएचएल, म्हणजे नॅशनल हॉकी लीग, ही सगळ्यात वरची पायरी, एएचएल तिच्या लगेच खालची. वरच्या प्रत्येक टीमची खाली एक टीम असते. बेअर्स ही वॉशिंग्टन कॅपिटल्सशी जोडलेली टीम. एनएचएलमध्ये आज खेळणाऱ्या दहांपैकी नऊ जण कधी ना कधी एएचएलमध्ये घाम गाळून गेलेले असतात. खालची लीग म्हणून हिला कमी लेखू नये, असं मला मनापासून वाटतं.

माझा मुलगा ओजस तेव्हा दहा वर्षांचा होता आणि त्याच्या अंगातून चॉकलेटी जर्सी निघत नव्हती. त्यात एप्रिलमध्ये माझे वडील, अण्णा, कोल्हापूरहून आमच्याकडे राहायला आले. अण्णा शिक्षक होते आणि तीस वर्षं शालेय कबड्डी स्पर्धांचे पंच. शाहू स्टेडियमवर फुटबॉल असला की जेवण विसरणारा माणूस. त्यांना खेळ कुठलाही चालतो, पण नियम माहीत नसताना बघणं चालत नाही. त्यामुळे नियम शोधून काढायचं काम माझ्याकडे आलं.

पहिल्याच संध्याकाळी त्यांनी विचारलं, "ही साखळी हाय का बाद फेरी?"

मी म्हटलं, बाद फेरी. वर्षभराची साखळी संपली, ७२ सामन्यांची. आता हरेल तो घरी.

"मग या शार्लटच्या टीमबरोबर पाच सामने कशाला?"

इथेच माझी गाडी अडली. प्लेऑफची मालिका ही बाद फेरीच्या पोटातली छोटी साखळी असते, हे तेव्हा मला सांगता येत नव्हतं. दोनच टीम, त्याच दोघी, पुन्हा पुन्हा समोरासमोर. पाचच्या मालिकेत तीन सामने आधी जिंकेल ती पुढे, सातच्या मालिकेत चार. पाचच्या मालिकेत तीनच सामन्यांत कुणी जिंकून मोकळं झालं, तर चौथा आणि पाचवा सामना खेळलाच जात नाही. चांदणी असते ती या उरलेल्या सामन्यांना.

हे न कळल्यामुळे मी एक चूक केली. शार्लट चेकर्सविरुद्धची मालिका पाचची होती. मला वाटलं, पाचवा म्हणजे निर्णायक, तोच बघावा. तिकिटं परत विकणाऱ्या एका संकेतस्थळावरून मी पाचव्या सामन्याची तीन तिकिटं घेतली, चढ्या भावाने. बेअर्सनी मालिका चार सामन्यांत ३-१ अशी संपवली. पाचवा सामना झालाच नाही. ते पैसे परत यायला तीन आठवडे गेले, चार वेळा फोन करावा लागला आणि वरचं सेवाशुल्क गेलं ते गेलंच. तेव्हापासून माझा नियम ठरला: मालिकेत आधीचे, बिनचांदणीचे सामने घ्यायचे, आणि टीमच्याच खिडकीवरून घ्यायचे.

खरं शिक्षण मिळालं शेजारच्या घरातल्या बाईंकडून. सत्तरीच्या आहेत, बेअर्स जुन्या रिंकवर, म्हणजे बर्फाच्या मैदानावर, खेळायचे तेव्हापासून त्यांच्याकडे सीझनची तिकिटं आहेत. शार्लटविरुद्धच्या, हर्शीतल्या पहिल्या सामन्याची तीन तिकिटं त्यांनी आम्हाला दिली. बेअर्सच्या आताच्या स्टेडियममध्ये, जायंट सेंटरमध्ये, साडेदहा हजार माणसं मावतात. आम्ही काचेपासून पाचव्या रांगेत होतो. अण्णा कानटोपी, शाल आणि वरून माझं जाकीट घालून बसले. पक, म्हणजे या हॉकीतली चेंडूच्या जागची चकती, पहिल्यांदा आमच्या समोरच्या फळीवर आदळला, तेव्हा तो आवाज दातांत जाणवला. अण्णांनी ओजसचा हात धरला आणि मग सामना संपेपर्यंत सोडला नाही.

पण सामना संपला तेव्हा अण्णा नाराज झाले. दोन्ही टीम आपापल्या दाराने सरळ आत निघून गेल्या. "हात नाही मिळवला?" ते म्हणाले. "पोरं शाळेची असती तर मी मैदानावर परत बोलावली असती." त्यांना ते मनाला लागलं होतं. पंच म्हणून त्यांच्या दृष्टीने सामना शिट्टीने संपत नाही, हात मिळवल्यावर संपतो.

दुसऱ्या दिवशी मी शेजारच्या बाईंना विचारलं. त्या म्हणाल्या, अजून संपलं कुठे आहे? प्लेऑफमध्ये हात मिळवतात ते मालिका संपल्यावर. तोवर भांडण चालूच. मी हे अण्णांना सांगितलं. ते बराच वेळ गप्प बसले आणि मग म्हणाले, "म्हणजे हे सगळे सामने मिळून एकच सामना हाय." त्यानंतर त्यांनी फ्रिजवरच्या कागदावर बॉलपेनने रकाने आखले. कबड्डीच्या गुणपत्रिकेसारखे. गोल लिहायचे नाहीत, फक्त जिंकलेल्या सामन्यांच्या उभ्या रेघा.

आता फेऱ्यांचा हिशोब सांगते, कारण तो मला कुणी एका जागी सांगितला नव्हता. एएचएलमध्ये ३२ टीम आणि चार विभाग, दोन विभागांची मिळून एक कॉन्फरन्स. त्यातल्या २३ प्लेऑफला जातात. पहिली फेरी तीन सामन्यांची, त्यानंतर विभागाची उपांत्य फेरी आणि विभागाची अंतिम फेरी, दोन्ही पाचच्या. मग कॉन्फरन्सची अंतिम फेरी आणि कॅल्डर कपची, म्हणजे लीगच्या विजेतेपदाची, अंतिम फेरी, दोन्ही सातच्या. विभागात वर असलेल्या टीमना पहिल्या फेरीत बाय मिळतो, म्हणजे ती न खेळताच त्या पुढे जातात. अटलांटिक विभागात दुसऱ्या आलेल्या बेअर्सना तो मिळाला होता. मग त्यांनी शार्लटला ३-१, हार्टफर्डला ३-० आणि रॉचेस्टरला ४-२ असं हरवलं. अण्णांच्या कागदावर दहा रेघा झाल्या. कपासाठी लागणार होत्या चौदा.

तारखा आणि जागा यांचं गणित मात्र शेवटपर्यंत मला छळत राहिलं. एका दिवशी एकाचं घरचं मैदान, दुसऱ्या दिवशी दुसऱ्याचं, असं साधं काही नसतं. ज्याचे साखळीत गुण जास्त, त्याला निर्णायक सामना घरी मिळतो, एवढं पक्कं. मधली वाटणी अंतरावर ठरते आणि रिंक त्या दिवशी रिकामी आहे का यावरही. अंतिम फेरीत समोर आली कोचेला व्हॅली फायरबर्ड्स, कॅलिफोर्नियाच्या वाळवंटातली टीम, लीगमधलं तिचं पहिलंच वर्ष. तिचे १०३ गुण, बेअर्सचे ९७. म्हणून पहिले दोन सामने तिकडे, मग तीन हर्शीत, शेवटचे दोन पुन्हा तिकडे. देशाच्या एका टोकाहून दुसऱ्या टोकाला दर दोन दिवसांनी कोण विमानाने जाणार? त्यामुळे ही दोन-तीन-दोनची पद्धत.

खेळाडूंचं एक वेगळंच. वॉशिंग्टन त्या वर्षी प्लेऑफला पोचलंच नाही, त्यामुळे कॉनर मॅकमायकल, हेन्ड्रिक्स लापिएर यांच्यासारखी त्यांची तरुण मुलं पूर्णवेळ हर्शीची. उलट फायरबर्ड्सची वरची टीम सिएटल क्रॅकन १५ मेपर्यंत एनएचएलच्या प्लेऑफमध्ये खेळत होती. वरच्या टीमकडून हाक आली की खालच्या टीमचा हिरा अर्ध्या मालिकेतून उठून जाऊ शकतो, आणि खालच्या टीमला तो द्यावाच लागतो. मोसमाच्या शेवटी कुणीही कुणाला खाली पाठवून कप उचलू नये म्हणूनही नियम आहे: मार्चमधल्या ठरलेल्या दिवशी जो खालच्या टीमच्या नावावर, साधारणपणे तोच तिच्यासाठी प्लेऑफ खेळू शकतो. त्यामुळे तेव्हा त्या दिवशी काही मुलांना फक्त कागदावर खाली पाठवायचे आणि पुन्हा वर बोलवायचे. ओजसच्या दृष्टीने हा लबाडीचा प्रकार होता. मला ते त्या मुलांसाठी बरंच वाटलं, त्यांना निदान कुठेतरी शेवटपर्यंत खेळायला मिळायचं.

आणि ओव्हरटाइम. साखळीत बरोबरी झाली तर पाच मिनिटं तीन विरुद्ध तीन आणि तरीही सुटलं नाही तर शूटआउट, म्हणजे एकेका खेळाडूने एकट्या गोलरक्षकावर मारायचे फटके. प्लेऑफमध्ये शूटआउट नाही. पूर्ण पाच विरुद्ध पाच, वीस-वीस मिनिटांचे डाव, पहिला गोल होईपर्यंत. शेजारच्या बाई २०१८ ची गोष्ट सांगतात: लीहाय व्हॅली आणि शार्लट यांचा सामना पाच ओव्हरटाइम चालला, रात्री एकनंतर संपला, आणि लीहायच्या गोलरक्षकाने, अ‍ॅलेक्स लायनने, ९४ फटके अडवले. अण्णांनी ही गोष्ट त्यांच्याकडून दोनदा ऐकली, मी मध्ये बसून भाषांतर करत होते.

अंतिम फेरीचा पहिला सामना बेअर्स ५-० हरले. दुसरा ४-०. नऊ गोल खाल्ले, एकही केला नाही. दुसऱ्या रात्री ओजस रडत झोपला. मलाही वाटलं, झालं. क्रिकेट बघत वाढलेली मी, नेट रनरेटची सवय. एवढा मोठा पराभव कुठेतरी मोजला जाणारच, असं डोक्यात पक्कं. सकाळी अण्णा कागदासमोर उभे होते. म्हणाले, "नऊ न्हाई. दोन." फायरबर्ड्सच्या रकान्यात दोन रेघा, एवढंच. पाच गोलांनी हरलात काय आणि ओव्हरटाइमला एका गोलाने हरलात काय, रेघ एकच. पुढच्या सामन्यात पाटी कोरी. मालिका कशी चालते हे मी महिनाभर वाचत होते, पण मला ते त्या सकाळी कळलं, चहाचा कप हातात असताना.

पुढचे तिन्ही सामने हर्शीत झाले आणि तिन्ही बेअर्सनी जिंकले. मालिकेतला चौथा सामना आम्ही जाऊन बघितला, या वेळी तिकिटं वेळेवर आणि खिडकीवरून घेतलेली. मध्यंतरात अण्णा स्वतःहून उठून शेजारच्या बाईंच्या रांगेपर्यंत गेले आणि बोटांनी दोन विरुद्ध एक असं दाखवून आले.

अण्णांचं परतीचं विमान १८ जूनचं होतं. मार्चमध्ये तिकीट काढताना मालिका लांबेल हे कुणाला ठाऊक? ते बदलायला बघितलं, पण फरक एवढा येत होता की अण्णांनीच नको म्हटलं. विमानतळावर निघताना त्यांनी कागद फ्रिजवरून काढला नाही. ओजसला बॉलपेन दिलं आणि म्हणाले, "रेघा सरळ काढ."

१९ तारखेला बेअर्स सहावा सामना ५-२ हरले. तीन-तीन. सातव्यापुढची चांदणी ओजसने पेनने खोडली. २१ जूनचा सामना आमच्या वेळेने रात्री उशिरा सुरू झाला. दुसऱ्या दिवशी मला कामावर जायचं होतं, तरी आम्ही जागे. बेअर्स ०-२ मागे पडले. मग बरोबरी. मग ओव्हरटाइम, आणि माइक व्हेकिओनीचा गोल. ३-२. ओजस सोफ्यावरून उडी मारून थेट फ्रिजकडे धावला.

कोल्हापुरात तेव्हा सकाळ उलटत आली होती. मी व्हिडिओ कॉल लावला. अण्णा अंघोळ करून, गंध लावून बसलेले, हातात पेपर. त्यांना निकाल सांगायच्या आत मी फोन टीव्हीकडे फिरवला. बर्फावर हेल्मेटं, हातमोजे, काठ्या विखुरलेल्या होत्या. दोन्ही टीम समोरासमोर एकेक रांग करून उभ्या राहिल्या. दोन महिन्यांच्या वाढलेल्या दाढ्या, काहींचे डोळे लाल. रांगा एकमेकींच्या बाजूने सरकायला लागल्या आणि प्रत्येकाने समोरच्या प्रत्येकाचा हात हातात घेतला. बेअर्सचा गोलरक्षक हंटर शेपर्ड समोरच्या गोलरक्षकापाशी थांबला, दोघं काहीतरी बोलले.

अण्णांनी पेपर खाली ठेवला. रांगा संपेपर्यंत फोनमध्ये बघत राहिले, मग म्हणाले, "आता संपला सामना."