सासरेबुवा ठाण्यात

सासरा आणि साहेब एकच असला की जावयाची काय गत होते, हे मराठी माणसाला समजावून सांगावं लागत नाही. ‘लोस ओंब्रेस दे पाको’, म्हणजे ‘पाकोची माणसं’, ही स्पॅनिश मालिका २००५च्या ऑक्टोबरमध्ये आन्तेना ३ वाहिनीवर सुरू झाली ती याच कोंडीवर. माद्रिदच्या सान आन्तोनियो ठाण्यातला इन्स्पेक्टर पाको मिरांदा, त्याचे जिगरी दोस्त मारियानो आणि लुकास, आणि तिघांच्या डोक्यावर बसलेले ठाण्याचे प्रमुख लोरेन्थो कास्त्रो. हे पाकोच्या बायकोचे, लोलाचे, वडील. त्यात पाकोची मुलगी सारा बापाच्याच दोस्ताच्या, लुकासच्या, प्रेमात.

सुरुवातीचा एखादा भाग इंग्रजी सबटायटल्स लावून बघितला तर गुन्हा कळतो, पळापळ कळते, पण अर्धा विनोद खालच्या पट्टीतच बुडतो. गंमत अशी की जे इंग्रजीत मावत नाही ते मराठीत तयार असतं.

पहिली गोष्ट ‘तू’ आणि ‘तुम्ही’. स्पॅनिशमध्येही ‘तू’च आहे, उच्चारसुद्धा तोच! ‘तुम्ही’साठी ‘उस्तेद’. पण बोलताना सर्वनाम बहुतेकदा गाळतात आणि सगळा भार क्रियापदाच्या शेपटीवर येतो. ‘के आसेस?’ म्हणजे ‘काय करतोयस?’, आणि ‘के आसे?’ म्हणजे ‘काय करताय?’. फरक शेवटच्या एका ‘स’चा. इंग्रजी पट्टीत दोन्हीकडे एकच वाक्य येतं. जावई ठाण्यात काय म्हणतो आणि जेवणाच्या टेबलावर काय म्हणतो, ते त्या ‘स’वरून ओळखायचं. यातही एक अडचण आहे. पाको झालेला पाको तोउस, मारियानो झालेला पेपोन निएतो आणि सासरेबुवा झालेले हुआन दिएगो, हे तिन्ही नट मूळचे दक्षिणेतल्या आंदालुसियाचे, आणि तिकडच्या बोलीत शेवटचा ‘स’ गिळायची पद्धत. त्यामुळे कुणी त्या वळणावर बोलू लागलं की ‘स’च्या भरवशावर राहू नये, ‘तू’ किंवा ‘उस्तेद’ कधी येतं त्याची वाट बघावी.

दुसरं, नावाआधीचं आदरार्थी ‘दोन’. देवनागरीत ‘डॉन’ लिहावं तर टोळीवाला वाटतो, ‘दोन’ लिहावं तर आकडा. हा मान पहिल्या नावाला लागतो, नुसत्या आडनावाला नाही. म्हणजे सासरेबुवांचं ‘दोन लोरेन्थो’ हे सरळ आपलं ‘लोरेन्थोराव’. इंग्रजीतलं ‘मिस्टर कास्त्रो’ इथे कोरडं पडतं, कारण ‘राव’मध्ये अदब असते आणि घरोबाही. पाको हे फ्रान्सिस्कोचं घरगुती नाव. पोर्तुगीजमध्ये त्याच फ्रान्सिस्कोचा ‘शिकू’ होतो. गोव्याचा सायब, सेंट फ्रान्सिस झेवियर, मूळचा स्पेनमधल्या नाव्हारचा, म्हणजे हे नाव आपल्याकडे येऊन बराच काळ झाला.

सगळ्यात मोठा घोळ हुद्द्याचा. पट्टीत ‘कमिशनर’ दिसलं की मुंबईकराच्या डोळ्यांपुढे अख्ख्या शहराचा पोलीस आयुक्त उभा राहतो, आणि हा माणूस जावयावर ओरडायला रिकामा कसा, असा प्रश्न पडतो. स्पेनच्या राष्ट्रीय पोलिसांत शिडी अशी: पोलिसिया, ओफिसियाल, सुबइन्स्पेक्तोर, इन्स्पेक्तोर, इन्स्पेक्तोर खेफे, कोमिसारियो. कोमिसारिया म्हणजे ठाणं, आणि कोमिसारियो त्याचा प्रमुख. मनात ‘सीनियर साहेब’ असं भाषांतर करावं. दर्जा तंतोतंत जुळत नाही, पण प्रसंग जागेवर बसतो. पाको आणि सासरेबुवा यांच्यात जेमतेम एक पायरी. एवढ्या जवळून ओरडा बसतो म्हणून तर तो लागतो.

‘तिओ’चं भाषांतर मात्र कुणी ‘काका’ करू नये. शब्दकोशात ते बरोबर आहे, पण दोस्तांमध्ये त्याचा अर्थ ‘लेका’, फार तर ‘भावा’.

भाग सव्वा तासाच्या आसपासचा असतो. आपल्या रोजच्या मालिकेचे जाहिराती काढलेले तीन भाग जोडा. एवढा वेळ एका गुन्ह्यावर निघत नाही, म्हणून आजोबा, नवराबायको आणि वयात आलेली पोरगी असं भरलेलं घर लागतं. ग्लोबोमीडिया या निर्मितीसंस्थेचा हा हातखंडा. त्यांच्या ‘लोस सेर्रानो’तही असंच गजबजलेलं घर होतं. निर्मात्यांपैकी आलेक्स पिना यांनी पुढे ‘मनी हाइस्ट’ केली, आणि तिच्यात मॉस्को नावाचं पात्र केलेला नट म्हणजे हाच पाको तोउस. ‘मनी हाइस्ट’ बघितलेल्यांनी इथे त्याचा चेहरा विसरून आवाज धरावा. पहिली दहा मिनिटं पट्टी बंद ठेवून नुसतं ऐकावं. गोष्ट कळणार नाही, पण कोण कुणाला दबतो ते कळतं.