सेव्हियात कुणी 'बसत' नाही

'संध्याकाळी बसायचं का?' या प्रश्नाचा अर्थ मराठी माणसाला फोड करून सांगावा लागत नाही. टेबल, बाटली, मधे चकण्याच्या बशा, आणि पुढचे तीन-चार तास कुणी जागचं हलायचं नाही. स्पेनच्या दक्षिणेला सेव्हियात (नकाशावर सेव्हिल) आम्ही गाईडबरोबर तापासची, म्हणजे बारमध्ये पेयासोबत मिळणाऱ्या खाण्याच्या छोट्या बशांची, एक संध्याकाळ घालवली. साडेतीन तास, चार ठिकाणं, दोन-अडीच किलोमीटर चाल, आणि टेकायला खुर्ची एकदाही नाही. जाणाऱ्यांनी पहिली गोष्ट ही लक्षात ठेवावी: बूट चांगले घाला. जुन्या शहरातल्या गल्ल्या दगडी आहेत आणि नवी चप्पल तिसऱ्या बारपर्यंत साथ देत नाही.

आम्ही तिघं होतो. मी, नवरा आणि त्याची थोरली बहीण. ताई पक्क्या शाकाहारी, अंडं चालतं एवढीच सूट, आणि दारूचा वासही नको. अशा माणसाला तापासच्या फेरीला कशाला न्यायचं, असं घरी सगळ्यांनी विचारलं. उत्तर आदल्या दिवशीच मिळालं होतं. माद्रिदहून वेगवान रेल्वेने अडीच तासांत सेव्हियाला उतरलो, भुकेने जीव कासावीस, आणि स्टेशनजवळच्या एका कॅफेत फलकावर 'सांदविच बेहेताल' दिसलं. बेहेताल म्हणजे व्हेजिटेबल, इतपत स्पॅनिश तर कुणालाही कळतं. ताईंनी दोन घास खाल्ले आणि थांबल्या. आत लेट्यूस होतं, टोमॅटो होता, उकडलेलं अंडं होतं, आणि चांगला मूठभर ट्यूना मासा होता. कॅफेवाल्याने फसवलं नव्हतं. तिकडे 'बेहेताल' म्हणजे 'पालेभाजीसुद्धा घातलेलं', एवढंच. त्याच संध्याकाळी सहाला जेवायला निघालो तर स्वयंपाकघरं बंद. दुपारचं जेवण साधारण चारला आटोपतं आणि रात्रीचं आठ-साडेआठच्या आधी सुरू होत नाही. ताईंनी हॉटेलच्या खोलीत दशम्या काढल्या आणि म्हणाल्या, "उद्या मला वाटाड्या पाहिजे."

वाटाडी भेटली ती नदीकाठच्या त्रियाना वस्तीत वाढलेली, तिशीतली, तोंडाने फटकळ. माणशी ८५ युरो, त्यात सगळं खाणं आणि प्रत्येक ठिकाणी एक पेय. गट आठ जणांचा. हा खर्च स्वतःहून फिरलात तर निम्म्यात भागतो, हे आधीच सांगते, कारण एक तापा तीन ते पाच युरोला मिळतो आणि बिअरचा छोटा ग्लास दोनच्या आसपास. तरी माझं मत असं, की मुक्कामाच्या पहिल्याच संध्याकाळी गाईड घ्यावा आणि पुढच्या संध्याकाळी आपले आपण हिंडावं. शेवटच्या दिवशी गाईड घेणं म्हणजे परीक्षा झाल्यावर क्लास लावणं. बुकिंग करताना आहाराबद्दल नुसतं 'शाकाहारी' लिहू नका. मांस नाही, मासे नाहीत, हॅम नाही, असं तिन्ही सुटं लिहा. तिकडे हॅमला, म्हणजे हामोनला, मांसात न धरणारे पुष्कळ भेटतात. तो त्यांच्या लेखी मिठासारखा, सगळ्यावर भुरभुरायचा.

सुरुवात संध्याकाळी सातला, ग्वादल्किविर नदीवरच्या १८५२ सालच्या लोखंडी पुलाच्या त्रियानाकडच्या टोकाला. त्रियाना म्हणजे खलाशांची, कुंभारांची आणि फ्लामेंकोवाल्यांची वस्ती. पुलाला लागून बाजार आहे आणि त्याच्या पोटात इन्क्विझिशनच्या किल्ल्याचे अवशेष. इन्क्विझिशन, म्हणजे धर्मभ्रष्ट ठरवलेल्यांना शिक्षा देणारं चर्चचं न्यायालय, म्हटल्यावर आपल्याला गोवा आठवतो. त्याची ही थोरली पाती. गाईडने तिथे फार वेळ दवडला नाही. "आधी पोटोबा," अशा अर्थाचं काहीतरी म्हणाली.

पहिला बार अगदी लहान. गाईडची ओळख, म्हणून कढई आमच्यासाठी वेळेआधी तापली. पुढ्यात आलं 'कासोन एन आदोबो'. माशाचे बोटभर चौकोनी तुकडे, बाहेरून खरपूस, आत पांढरे आणि ओलसर. एक तोंडात टाकला आणि मी नवऱ्याकडे बघितलं. तो मालवणकडचा. दुसरा तुकडा उचलून, निरखून म्हणाला, "ही मोरी आहे गं." मोरीच ती! लहान जातीचा शार्क. मुंबईत मुशी म्हणतात. आमच्या सासरी मोरीचं मटण होतं, खोबऱ्याच्या वाटपात. इथे ती लसूण, जिरं, ओरेगानो, लाल तिखटाची सौम्य पूड आणि भरपूर व्हिनेगर यांत मुरवून, पिठात घोळवून तळलेली. व्हिनेगर-लसणात मुरवायची हीच तऱ्हा पोर्तुगीजांनी गोव्यात नेली आणि तिचं विंदालू झालं. ताईंना तळलेली वांगी आली, वरून उसाची काकवी सोडलेली. वांग्यावर काकवी ऐकायला विचित्र, पण ताईंनी बशी कुणाला दिली नाही.

सोबत 'कान्या', म्हणजे बिअरचा साधारण २०० मिलीचा ग्लास. मोठा मागवायची आपली सवय इथे सोडा. ग्लास लहान असतो तो बिअर गार असेतो संपावी म्हणून, आणि संपली की पुढच्या बारकडे निघावं म्हणूनही. जुलै-ऑगस्टात इथे पारा ४० च्या वर जातो. त्या दिवसांत गेलात तर लहान ग्लासाचं मोल आपोआप कळेल.

पूल ओलांडताना सूर्य बुडत होता, डाव्या-उजव्या काठांवर पोरं पाय सोडून बसलेली. (बसणारे एवढेच दिसले.) फर्डिनांड मॅगेलनची जहाजं १५१९ मध्ये याच नदीतून निघाली. १५०३ पासून अमेरिकेशी चालणाऱ्या व्यापाराची कचेरीही या शहरात होती. टोमॅटो, बटाटा, मिरची या मंडळींनी युरोपात पाय ठेवला तो बराचसा या धक्क्यांवरून. मिरची पुढे पोर्तुगीजांच्या हातून आपल्याकडे पोचली आणि आपण तिला घरचीच करून टाकली.

दुसरं ठिकाण कथीड्रलजवळचं कासा मोरालेस, १८५० पासूनचं. मागच्या खोलीत माणसाहून उंच वाइनचे जुने रांजण भिंतीला टेकून उभे आहेत. इथे आम्हाला मान्सानिया मिळाली. ही शेरी या स्पॅनिश वाइनची एक जात, नदीच्या मुखाशी असलेल्या सान्लुकार गावची. फिक्कट, एकदम कोरडी, किंचित खारट, अल्कोहोल १५ टक्क्यांच्या आसपास. म्हणजे बिअरसारखी गटागटा प्यायची नव्हे. शेरी म्हणजे म्हाताऱ्या इंग्रज बायकांचं गोड औषध, अशी माझी समजूत होती. ती पहिल्याच घोटाला गेली.

ती बनते कशी, हे गाईडने सांगितलं आणि तिथे आमच्या ताई एकदम रंगात आल्या. पिंपात वाइनवर यीस्टची पांढरी साय धरते, तिला 'फ्लोर' म्हणजे फूल म्हणतात. ती साय हवा आत जाऊ देत नाही, म्हणून वाइन फिकी आणि ताजी राहते. "लोणच्यावर असा बुरा आला की आई बरणी ओतून द्यायची," ताई म्हणाल्या, "आणि हे पैसे घेतात!" पुढचं त्यांना जास्त पटलं. पिंपांच्या रांगा एकावर एक. बाटलीत भरायची ती सगळ्यात खालच्या रांगेतून, तीही थोडीच. जेवढी काढली तेवढी वरच्या रांगेतून भरायची, तिच्यात तिच्या वरच्या रांगेतून. खालचं पिंप कधी रिकामं होतच नाही, त्यामुळे जुन्यातल्या जुन्याचा अंश नव्यात राहतो. "विरजण!" ताई म्हणाल्या. मी गाईडला विरजण समजावून सांगितलं, आणि म्हणाले की आमच्या घरचं विरजण सासूबाईंच्या हातचं आहे. ती म्हणाली, हे मी उद्यापासून सगळ्या गटांना सांगणार.

एक सावधगिरी. मान्सानिया म्हणजे कॅमोमाइलचा चहाही. सेव्हियाच्या बारमध्ये संध्याकाळी मागितलीत तर बहुधा वाइनच येईल, पण स्पेनमध्ये इतरत्र पोट बिघडलंय असं समजून गरम पाण्यात बुडवलेली पुडी पुढ्यात येऊ शकते. पिणाऱ्यांनी 'ऊना कोपा दे मान्सानिया' म्हणावं. न पिणाऱ्यांसाठी सावधगिरी उलट बाजूची: स्पेनभर 'मोस्तो' म्हणजे द्राक्षांचा रस, पण सेव्हियाच्या आसपासच्या गावांत त्याच नावाने नवी, अल्कोहोल असलेली वाइन विकतात. 'सिन आल्कोओल' हे दोन शब्द जोडूनच मागा. ताईंनी तसा मागितला, गार, मोठ्या ग्लासात, आणि त्यांचा ग्लास आमच्यापेक्षा दिमाखदार दिसत होता.

इथे खायला 'प्रिंगा' भरलेला छोटा गरम पाव आला. प्रिंगा म्हणजे हरभरे घालून रटरट शिजवलेल्या रश्श्यातलं मांस कुस्करून केलेलं सारण. चव अफाट. पण त्यात डुक्कर, बीफ आणि रक्ताचं सॉसेज हे सगळं एकत्र असू शकतं, तेव्हा ज्यांना यातलं काही वर्ज्य आहे त्यांनी आधी विचारावं. 'तेर्नेरा' म्हणजे बीफ, 'सेर्दो' म्हणजे डुक्कर, 'पोयो' म्हणजे कोंबडी. एवढे तीन शब्द पाठ करून गेलात तरी निम्मं काम झालं.

तिसरा थांबा मातेओस गागो रस्त्यावर, हिराल्दाच्या सावलीत. हिराल्दा म्हणजे बाराव्या शतकातला मशिदीचा मिनार, आता कथीड्रलचा घंटाघर झालेला, १०४ मीटर उंच. तिथल्या एका चिंचोळ्या बारमध्ये संत्र्याची वाइन घेतली. शहरभर रस्त्याच्या कडेने हजारो संत्र्याची झाडं आहेत. फळ कडू, तोडून खायच्या भानगडीत पडू नका. पण साल सुगंधी, आणि ती गोड पांढऱ्या वाइनमध्ये मुरवतात. मला ती खोकल्याच्या औषधाच्या फार जवळची वाटली. नवऱ्याने दोन घेतल्या. सांग्रिया मात्र आमच्या गटात कुणी मागितली नाही, म्हणजे गाईडने मागू दिली नाही. उन्हाळ्यात इथली माणसं पितात ते 'तिंतो दे बेरानो', लाल वाइन आणि लिंबाचा सोडा, बस्स.

शेवटचं एल रिंकोन्सियो. १६७० सालापासूनचं. शिवाजी महाराजांनी कोंढाणा परत घेतला ते हे वर्ष. तेव्हापासून हे गृहस्थ गिऱ्हाईक करताहेत. छताला हॅमच्या तंगड्या टांगलेल्या, भिंतीवर जुन्या टाइल्स, आणि कळकट काळं लाकडी काउंटर, ज्याला आठ माणसांत मिळून दीड हात जागा मिळाली. कोपराने कोपर सरकवत जागा करायची, डोळा भिडला की मागायचं. रांग लावून उभं राहिलात तर रात्रभर उभेच राहाल. हे मुंबईच्या लोकलवाल्यांना जमतं, नवऱ्याला पहिल्या फटक्यात जमलं. वेटर मागणी लिहून घेत नाही. कानामागचा खडू काढून तुमच्यासमोरच्या काउंटरवर आकडा लिहितो. पुढचं मागवलं की त्याच्याखाली पुढचा. हात टेकताना जपा. मी कोपराने साडेतीन युरो पुसले, तेव्हा त्याने न बोलता ते पुन्हा लिहिले.

आणि इथे आली 'एस्पिनाकास कोन गार्बान्सोस', पालक आणि काबुली चणे. ताईंनी चमचा तोंडात घातला आणि खाली ठेवला. "ही तर आपली पालकाची पातळभाजी. हरभऱ्याची डाळ नाही, अख्खे चणे, एवढाच फरक." अगदी तशी नाही, पण जिरं, लसूण, आंबटपणा, सगळं ओळखीचं. आपण डाळीचं पीठ लावतो, हे लोक तळलेला पाव लसूण-जिऱ्याबरोबर कुटून दाटपणा आणतात; चिंचेऐवजी व्हिनेगर. ताईंनी ते गाईडकडून दोनदा वदवून घेतलं आणि मोबाइलमध्ये लिहून ठेवलं. मी कॉड माशाची पावीया, म्हणजे पिठात बुडवून तळलेली लांबट फोड, खाल्ली. चांगली होती. पण पालकाच्या तीन बश्या झाल्या.

शाकाहारींनी आणखी काय मागावं: साल्मोरेहो हे टोमॅटो आणि पावाचं गार, दाट सार, पण 'सिन हामोन, सिन उएवो' म्हणा, नाहीतर वर हॅम आणि अंडं येतंच, मेंढी-बकरीचं पायोयो चीज, बटाट्याचं जाड ऑम्लेट, आणि ऑलिव्ह. 'पापास आलिन्यास' म्हणजे व्हिनेगर-तेलातले बटाटे, ते उत्तम, फक्त वरचा ट्यूना नको म्हणून सांगा. कांदा-लसूण न खाणाऱ्यांना मात्र इथे अवघड आहे, उगीच आशा लावत नाही. वाक्य एकच पुरतं: 'सोय बेहेतारियाना, नि कार्ने, नि पेस्कादो, नि हामोन.' पुरुषांनी 'बेहेतारियाना'ऐवजी 'बेहेतारियानो' म्हणावं.

तापा लहान, मेदिया रासियोन मध्यम, रासियोन मोठी बशी; वेटर विचारतो, तेव्हा लहानच म्हणा. ग्रानादा शहरात पेयाबरोबर तापा फुकट येतो, सेव्हियात येत नाही, त्यावरून हुज्जत घालू नये. टिपेची सक्ती नाही, वरची चिल्लर सोडली तरी चालते.

साडेदहाला वेटरने खडूच्या रांगेची बेरीज केली, गाईडने पैसे दिले, त्याने ओल्या फडक्याचा एक हात मारला आणि आमची संध्याकाळ काउंटरवरून पुसली गेली. बाहेर पडल्यावर दोन मिनिटांवर चौकात संत्र्याच्या झाडाखाली एक दगडी बाक होता. ताईंनी बूट काढले, पाय लांब केले आणि म्हणाल्या, "आता मात्र मी बसणार. तुम्हाला पाचव्या बारमध्ये जायचं तर जा."

आम्ही गेलो नाही. टॅक्सी केली. आठ युरो झाले.