भरती-ओहोटीचा प्रोग्रॅम दुसऱ्यांच्या यंत्रांवर: पॅकेजिंगची नोंद

गणित मागेच जुळलं होतं. रत्नागिरी, मालवण, देवगड आणि वेंगुर्ला या चार बंदरांच्या भरती-ओहोटीच्या वेळा माझ्या लॅपटॉपवर नीट येतात. आता तोच प्रोग्रॅम दुसऱ्यांच्या यंत्रांवर बसवायचं काम चालू आहे, आणि हा भाग मला गणिताइतकाच आवडायला लागलाय.

यंत्रं अशी: मच्छीमार सोसायटीतला विंडोज ७ चा ३२ बिटांचा संगणक, शाळेतल्या विज्ञानाच्या सरांचा विंडोज ११ चा लॅपटॉप, पुण्यातल्या मावसभावाचा एम१ मॅक आणि माझ्याकडची रास्पबेरी पाय (तळहाताएवढा छोटा संगणक). पावसाळ्यात वीज गेली की पाठोपाठ रेंजही जाते, त्यामुळे सगळं पेनड्राइव्हवरून बसलं पाहिजे ही पहिली अट.

प्रोग्रॅम पायथॉन भाषेत आहे. सगळ्यात मोठा निर्णय नम्पाय, म्हणजे पायथॉनचं आकडेमोडीचं जादा पॅकेज, काढून टाकण्याचा. भरतीचा अंदाज म्हणजे शेवटी कोसाइनांची बेरीज. चंद्राचा एम२ हा घटक १२.४२ तासांचा, सूर्याचा एस२ बरोबर १२ तासांचा, दिवसातून एकदा येणारे के१ आणि ओ१ अनुक्रमे २३.९३ आणि २५.८२ तासांचे, आणि मग बाकीचे लहानसहान. प्रत्येक बंदरासाठी या घटकांची उंची आणि कला (लाट चक्रात कुठे आहे ते) काढायला लघुतम वर्गांची, म्हणजे मोजलेल्या पाण्याशी सगळ्यात जवळ जुळणारे आकडे शोधण्याची, पद्धत लागते. तिथे नम्पाय हवंच, पण ते काम मी घरी एकदाच करतो. वेळा सांगायला मात्र पायथॉनचं साधं मॅथ मॉड्यूल पुरतं. नम्पायच्या आत सी भाषेतला कोड असल्यामुळे त्याचं व्हील (बसवण्यासाठी तयार केलेली फाईल) प्रत्येक ऑपरेटिंग सिस्टिमला, प्रोसेसरला आणि बहुधा पायथॉनच्या प्रत्येक आवृत्तीलाही वेगळं लागतं. ते गेल्यावर माझ्या व्हीलच्या नावाच्या शेवटी 'पाय३-नन-एनी' आलं, म्हणजे कुठल्याही यंत्रावर चालणारी एकच फाईल. चंद्राच्या कक्षेच्या १८.६ वर्षांच्या चक्रामुळे दरवर्षी बदलणारे गुणक वेगळ्या डेटा फाईलमध्ये ठेवलेत, म्हणजे जानेवारीत फक्त तेवढीच फाईल बदलायची.

विंडोज ७ वर पायथॉन ३.८ च्या पुढची आवृत्ती चालत नाही. सोसायटीचा संगणक बदलणार नाही, तेव्हा प्रोग्रॅमने खाली वाकायचं. वेळेच्या पट्ट्यांसाठीचं झोनइन्फो ३.९ मध्ये आलं, म्हणून ते बाद. त्याने काही अडलं नाही, कारण भारतभर जागतिक वेळेशी साडेपाच तासांचा एकच फरक आहे आणि घड्याळ पुढे-मागे करण्याची पद्धत इथे नाही. त्यामुळे विंडोजसाठी टीझेडडेटा हे जादा पॅकेज जोडायचीही गरज उरली नाही. डेटा फाईल वाचायला पायथॉनच्याच पीकेजीयूटिल मॉड्यूलमधलं गेट-डेटा घेतलं. ते जुनं आहे, ३.८ वर चालतं आणि झिपच्या आतूनही वाचतं.

ते कच्चे बाइट देतं, हा त्याचा मला सगळ्यात मोठा फायदा वाटतो. आपल्याकडच्या बहुतेक विंडोज संगणकांवर पायथॉन मजकुराची फाईल उघडताना, वेगळं सांगितलं नाही तर, सीपी१२५२ हे युरोपीय लिपीचं एन्कोडिंग (बाइटांवरून अक्षरं ओळखण्याची पद्धत) धरतं. मराठी मजकूर मात्र यूटीएफ-८ या एन्कोडिंगमध्ये असतो. त्यात देवनागरीचं प्रत्येक अक्षर किंवा चिन्ह तीन बाइटांचं असतं, आणि हलन्ताच्या चिन्हाचा शेवटचा बाइट ८डी. सीपी१२५२ मध्ये ८डीला अक्षरच नेमलेलं नाही. म्हणून 'रत्नागिरी'तल्या जोडाक्षरापाशी पायथॉन अडतं आणि चूक दाखवतं. 'वेंगुर्ला' तर उकारापाशीच अडतं, कारण त्याचा शेवटचा बाइट ८१, तोही रिकामा. पण 'मालवण' आणि 'देवगड' यांत असा एकही बाइट नाही. ती नावं विनातक्रार वाचली जातात आणि पडद्यावर निरर्थक चिन्हांची रांग येते. चार बंदरांच्या चार फाईली असल्या की दोन बंद पडतात आणि दोन चुकीचं दाखवतात. मराठी मजकूर असलेलं पॅकेज करणाऱ्या प्रत्येकाला माझं कळकळीचं सांगणं: बाइट घ्या आणि यूटीएफ-८ म्हणून स्वतः उलगडा. आणि चाचणीच्या नावांत एक तरी जोडाक्षर ठेवा.

दाखवण्याचा प्रश्न वेगळा. विंडोजच्या जुन्या काळ्या खिडकीत जोडाक्षरं आणि वेलांट्या नीट जुळत नाहीत. म्हणून प्रोग्रॅम आता एचटीएमएलचं पान लिहितो आणि ब्राउझरमध्ये उघडतो. फॉन्टच्या यादीत आधी निर्मला यूआय, मग विंडोज ७ साठी मंगल, मग मॅकसाठी कोहिनूर देवनागरी.

मॅक आणि पाय पटकन झाले. पायवरची सिस्टिम डेबियन १२ या लिनक्सवर आधारलेली आहे. तिथे पिप, म्हणजे पायथॉनची पॅकेजं बसवणारा प्रोग्रॅम, थेट सिस्टिमच्या पायथॉनमध्ये काही बसवू देत नाही, म्हणून प्रत्येक प्रोग्रॅम वेगळ्या जागी बसवणारा पिपएक्स. मॅकवरही तेच. मॅकसाठी वेगळं ॲप करून ते ॲपलकडून प्रमाणित करून घ्यायला वर्षाला ९९ डॉलर लागतात. एका भावासाठी ते मला पटत नाही.

ज्यांच्याकडे पायथॉन आहे त्यांच्यासाठी झिपॲपची, म्हणजे सगळा प्रोग्रॅम एका झिपमध्ये बांधून थेट चालणारी, एकच फाईल केली. सरांनी ती पेनड्राइव्हवरून घेतली आणि लगेच चालली. सोसायटीसाठी मात्र प्रोग्रॅमसोबत पायथॉनही बांधून देणारा पायइन्स्टॉलर, कारण तिथे पायथॉन बसवा म्हणणं योग्य नाही. पायइन्स्टॉलर ज्या सिस्टिमवर चालवाल त्याच सिस्टिमचा प्रोग्रॅम बनवतो, त्यामुळे बांधणी विंडोजवर आणि ३२ बिटांच्या पायथॉन ३.८ नेच. एकाच फाईलचा पर्याय दिसायला सुटसुटीत आहे, पण तो दर वेळी तात्पुरत्या फोल्डरमध्ये स्वतःला उलगडतो. जुन्या हार्डडिस्कवर त्याला वेळ लागतो आणि अँटिव्हायरसलाही तो संशयास्पद वाटू शकतो. मी पूर्ण फोल्डर देणार आहे, डेस्कटॉपवर शॉर्टकट ठेवून.

बसवल्यावर खात्री करायला प्रोग्रॅमसोबत आधी काढलेल्या काही वेळा दिल्या आहेत. प्रत्येक यंत्रावर मिनिटापर्यंत तेच उत्तर यायला हवं, आणि मॅक, पाय, सरांचा लॅपटॉप या तिन्हींवर ते आलं. सोसायटीतल्या काकांनी लॅपटॉपवरचं पान बघितलं आणि आपल्या आडाख्याने ताडून पाहिलं: तिथीची पाऊणपट, म्हणजे अष्टमीला भरती सहाच्या सुमारास. मग म्हणाले, "जवळ आहे. पण उधाण आणि भांग लिहा, नुसते मीटर आम्हाला काय करायचे?" दुसऱ्याच दिवशी उधाण (मोठी भरती) की भांग (लहान भरती) हे सांगणारा स्तंभ घातला.

राहिलंय ते सोसायटीच्या संगणकाचं. विंडोज ७ वर पायथॉन ३.८ ला केबी२५३३६२३ हे अपडेट लागतं. ते तिथे आहे का हे बघून, नसेल तर सोबत नेऊन बसवायचं आहे. मासेमारीबंदी ३१ जुलैला संपते, त्याआधी हे झालं पाहिजे. त्यानंतर छापण्याजोगं पान. खाडीत कालवं काढायला जाणाऱ्या बायकांना भरतीच्या वेळा नकोच आहेत. त्यांना दिवसाउजेडी येणारी ओहोटी तेवढी हवी, महिन्याची एका कागदावर, मोठ्या अक्षरात.