चार सेकंदांचा डिझॉल्व्ह

अमेरिकेत पेनसिल्व्हेनियातल्या कार्लाइल इंडियन स्कूलवरचा, म्हणजे तिथल्या मूळनिवासी मुलांना घरापासून तोडून गोऱ्यांच्या रीतीत घडवायला काढलेल्या निवासी शाळेवरचा, आमचा माहितीपट आठवी-नववीच्या मुलांसाठी होता. संकलन माझं. रफ कट, म्हणजे पहिली कच्ची जुळणी, बघायला सल्लागार म्हणून नवाहो या मूळनिवासी जमातीतल्या एक आजी आल्या होत्या.

टॉम टॉर्लिनो या नवाहो तरुणाचे दोन फोटो प्रसिद्ध आहेत. १८८२ चा, शाळेत आला तेव्हाचा: लांब मोकळे केस, कानात डूल, गळ्यात माळ. आणि १८८५ चा: केस कापलेले, कोट-टाय, चेहरासुद्धा उजळ. पहिला फोटो मी सावकाश दुसऱ्यात विरघळवला होता, खाली बासरी. काय हिरावलं गेलं ते मुलांना क्षणात कळेल, असं मला वाटत होतं. त्या जागेवर माझा फार जीव होता.

ती जागा आली आणि आजी म्हणाल्या, "थांबव."

नेमकं अर्ध्यावर थांबलं. पडद्यावर दोन्ही चेहरे एकमेकांत मिसळलेले.

"हे फोटो कशासाठी काढले होते, माहीत आहे ना?"

माहीत होतं. १८७९ मध्ये शाळा काढणारा रिचर्ड प्रॅट अशा जोड्या मुद्दाम काढून घ्यायचा. देणगीदारांना, पुढाऱ्यांना दाखवायला. निवेदनात ते वाक्य मीच बसवलं होतं, पण दीड मिनिट पुढे.

"मग त्याला हवं होतं तेच तू केलंस," त्यांचा आवाज अजिबात चढला नव्हता. "माणूस असा अलगद बदलतो? केस कापायला कात्री लागते, मुलाला धरून ठेवणारे हात लागतात. मधली तीन वर्षं कुठे गेली? आणि ही बासरी कुणाची?"

बासरी स्टॉक लायब्ररीतली, तयार विकत मिळणाऱ्या संगीतातली होती. मला उत्तर देता आलं नाही.

त्याच दुपारी डिझॉल्व्ह काढला, बासरी काढली. पहिला फोटो आता एकटा बारा सेकंद थांबतो, पूर्ण शांततेत. त्यानंतर मी शाळेच्या दफनभूमीचं चित्रीकरण घेतलं. ती जागा आज लष्करी तळाच्या आवारात आहे. पांढऱ्या दगडांच्या रांगा; जवळजवळ दोनशे मुलं इथे पुरली गेली होती. काही दगडांवर नावाच्या जागी फक्त 'अज्ञात' कोरलंय. हे चित्रीकरण माझ्याकडे सुरुवातीपासून होतं; शेवटच्या श्रेयनामावलीखाली वापरायचं म्हणून मी ते बाजूला ठेवलं होतं.

मग दुसरा फोटो.

"तो घरी परतला, ते कुठे आहे?" आजींनी विचारलं. १८८६ मध्ये टॉर्लिनो शाळा सोडून परत गेला होता. आमच्या निवेदनात ते नव्हतंच. मी पाटी टाइप करायला घेतली आणि आजी खुर्ची ओढून माझ्या शेजारी बसल्या, एकेक अक्षर तपासत.