तुम्ही विचारलंत म्हणून: पिस्तूल घरी खोलता येतं का?

पावसाच्या तोंडावर हा प्रश्न हमखास येतो. कुणी बाजारात गाठतं, कुणी फोन करतं, कुणी लग्नाच्या पंगतीत शेजारी बसून कानाशी लागतं. "भाऊ, पिस्तूल घरच्या घरी खोलून साफ करता येतं काय? की दरवेळी शहरात दुकानातच न्यायचं?" मलाच विचारतात, कारण मी २२ वर्षं फौजेत आर्मरर, म्हणजे हत्यारांची देखभाल-दुरुस्ती करणारा, होतो. आता देवगड तालुक्यात घरी असतो, हापूसची कलमं बघतो. पण गावात माझी ओळख अजून 'बंदुका खोलणारा' हीच.

तर तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. येतं. परवानाधारकाने आपलं हत्यार खोलावं, पुसावं, तेलाचा हात फिरवावा आणि पुन्हा जोडावं. दुरुस्तीचा मामला वेगळा. १९५९च्या शस्त्र कायद्याप्रमाणे दुरुस्तीचा धंदा करायलाही परवाना लागतो, तेव्हा कानस घेऊन पार्ट घासायला बसू नका. आणि खरं सांगू? खोलणं सोपं आहे, साफ करणं त्याहून सोपं. माणूस जायबंदी होतो तो त्याच्या आधीच्या अर्ध्या मिनिटात.

आपल्याकडे पिस्तूल तसं कमीच. बहुतेकांकडे शेतीसंरक्षणाच्या परवान्यावरची ठासणीची नाहीतर बारा बोअरची बंदूक, वानरं आणि डुकरं हाकायला. बारा बोअरची मधोमध उघडली की नळीतून आरपार उजेड दिसतो, शंकेला जागा राहत नाही. पिस्तुलाचं तसं नाही. मुठीतून मॅगझिन, म्हणजे गोळ्यांची पेटी, बाहेर काढली की माणसाला वाटतं, झालं रिकामं. वर चेंबरमध्ये, म्हणजे नळीच्या मागच्या टोकाला गोळी बसते त्या जागी, एक गोळी बसलेली असू शकते, आणि ती मॅगझिनबरोबर बाहेर येत नाही.

म्हणून आधी मॅगझिन काढायचं आणि मग स्लाइड, म्हणजे पिस्तुलाचा वरचा मागेपुढे सरकणारा भाग, ओढायची. हा क्रम उलटा झाला तर काय होतं ते नीट बघा. मॅगझिन आत असताना स्लाइड मागे ओढली, चेंबरमधली गोळी टुणकन बाहेर पडली. तुम्ही खूश. पण स्लाइड पुढे जाताना मॅगझिनमधली वरची गोळी उचलून चेंबरमध्ये सारते. तेच तर तिचं काम. मग तुम्ही मॅगझिन काढता. तुमच्या हातात गोळी आहे, टेबलावर मॅगझिन आहे, दोन्ही डोळ्यांना दिसतंय, आणि पिस्तूल भरलेलं आहे.

तीन वर्षांपूर्वी असंच एक बागायतदार सकाळी माझ्या ओट्यावर आले. चामड्याच्या म्यानात .३२चं पिस्तूल. गंज दिसतोय म्हणाले. मी हात पुढे केला तर म्हणतात, "खाली असा हो, मिया काल रात्रीच बघलंय." मी काही बोललो नाही. मॅगझिन आधीच खिशात होतं त्यांच्या. अंगणात चिऱ्यांच्या कामासाठी वाळूचा ढीग होता, त्या दिशेला पिस्तुलाचं तोंड करून स्लाइड ओढली. पितळेचं काडतूस लादीवर पडलं, गोल फिरत ओट्याच्या कडेपर्यंत गेलं आणि खाली तुळशीच्या आळ्यात पडलं. आतून आमची बायको चहा घेऊन येत होती, ती दारातच थांबली. ते गृहस्थ त्या आळ्याकडे बघत बसले. रात्री त्यांनी बघितलं होतं हे खरंच. फक्त उलट्या क्रमाने. आणि तसंच कमरेला लावून मोटारसायकलवर आठ किलोमीटर आले होते.

चहा त्यांनी घेतला नाही.

तेव्हा मॅगझिन काढा, बाजूला ठेवा, दूर ठेवा. स्लाइड दोन-तीन वेळा पूर्ण मागे ओढा, मागेच अडकवा आणि चेंबरमध्ये बघा. नुसतं बघू नका, करंगळी घालून चाचपा. फौजेत हे आम्हाला अंधारात करायला लावायचे तेव्हा त्रास वाटायचा. आता पन्नाशीपुढचे डोळे, जूनमधला काळवंडलेला दिवस, त्यात वीज गेलेली. बोटाला जे कळतं ते डोळ्याला कळत नाही. हे सगळं होईपर्यंत नळीचं तोंड कुठे आहे ते विसरायचं नाही. घराची विटांची पातळ भिंत ही सुरक्षित दिशा नव्हे, पलीकडे कुणी झोपलेलं असतं. वाळूची बादली चांगली, नाहीतर चिऱ्याची जाड भिंत, जिच्यामागे डोंगर आहे अशी. आणि सेफ्टी लावली आहे, म्हणून काय झालं? सेफ्टी हा एक खटका आहे. खटके झिजतात.

गोळ्या दुसऱ्या खोलीत नेऊन कपाटात बंद करायच्या, मगच टेबलाशी बसायचं. फोन आला तर उचलायचा नाही. उचललाच तर परत आल्यावर पहिल्यापासून तपासायचं. पोरंबाळं बाहेर. शनिवारी रात्री ग्लास भरून कोणी हे काम काढत असेल तर त्याने मला पुढचं विचारूच नये.

आता खोलणं. प्रत्येक पिस्तुलाची तऱ्हा वेगळी, म्हणून सोबतची पुस्तिका हीच खरी. मला हातात भिनलेलं आहे ते आमचं ९ मिलिमीटरचं '१ए', इछापूरच्या रायफल फॅक्टरीचं. साध्या परवान्यावर ते बोअर मिळत नाही, पण समजावून सांगायला छान. मूळ घराणं ब्राउनिंग हाय-पॉवर. जॉन ब्राउनिंग १९२६ मध्ये बेल्जियमला लिएजमध्ये काम करतानाच वारला, पुढचं द्यूदोने सेव्हने तडीस नेलं आणि १९३५ मध्ये ते बेल्जियमच्या सैन्यात आलं. त्यात स्लाइड मागे ओढून सेफ्टीचा खटका स्लाइडच्या पुढच्या खाचेत अडकवायचा. मग उजव्या बाजूने स्लाइड स्टॉपचं, म्हणजे स्लाइड अडवणाऱ्या खिट्टीचं, टोक दाबायचं, डावीकडून तो ओढून काढायचा. स्लाइड घट्ट धरून खटका सोडला की ती पुढच्या अंगाने फ्रेमवरून, म्हणजे खालच्या सांगाड्यावरून, निघून येते. उलटी केली की स्प्रिंग आणि तिची दांडी, त्यानंतर नळी. झालं. यापुढे साफसफाईसाठी काही खोलायची गरज नसते. पिना ठोकून आतला ट्रिगरचा संसार बाहेर काढणाऱ्यांची पिस्तुलं मी पिशवीतून आलेली पाहिली आहेत, वर दोन पार्ट जास्तीचे.

काही नव्या घडणीच्या पिस्तुलांत स्लाइड काढण्याआधी ट्रिगर दाबावाच लागतो. तिथे वर सांगितलेली करंगळी म्हणजे चैन नाही. ती विसरली आणि चेंबरमध्ये गोळी राहिली असली, तर पिस्तूल उडणारच.

स्प्रिंगबद्दल माझी स्वतःची फजिती सांगतो. ओळखीच्या एकाचं जुनं बेल्जियन .३२ होतं, नळीभोवती स्प्रिंग आणि तोंडाशी ती दाबून धरणारी टोपी. मी मोठा आर्मरर, अंगठ्याने धरली ती जरा सैल. टोपी सुटली, स्प्रिंग सणसणत गेली. टोपी लगेच मिळाली. स्प्रिंग चार दिवसांनी गणपतीच्या माटवीच्या सामानात सापडली, तीही नातवाला. तेव्हापासून चष्मा घालतो, आणि टेबलावर जुनं पांढरं धोतर पसरून त्याच्या कडा वर मुडपून ठेवतो. काढलेला पार्ट डावीकडून उजवीकडे ओळीत. जोडताना उजवीकडून उचलत यायचं.

सफाईत नळी पहिली. ती बाहेर निघालेली असते, तेव्हा ब्रश चेंबरच्या बाजूने घालून तोंडातून बाहेर काढायचा. मध्येच उलटा फिरवायचा नाही. ब्रश पितळी-ब्राँझचा, लोखंडी नको. सॉल्व्हंट, म्हणजे मळ सोडवणारं औषध, लावून थोडा वेळ ठेवलं की काळं सुटतं. मग चिंदी. फौजेत हिचंही माप असायचं: पुसायला चार बाय दोन इंच, तेल द्यायला चार बाय दीड. नवखे हसायचे. पण दोन इंची चिंदी नळीत घट्ट जाते आणि मळ ओढते, दीड इंची सैल जाते आणि तेल मागे ठेवते. त्यानंतर स्लाइडचा आतला चेहरा, जिथे काडतुसाचा बूड टेकतो, आणि एक्स्ट्रॅक्टरचा आकडा. तिथे मळी साचली की रिकामं काडतूस निघत नाही. दात घासायचा जुना ब्रश पुरतो. त्या काळ्यात शिसं असतं, म्हणून खिडकी उघडी ठेवा, मध्ये काही खाऊ नका, आणि उठल्यावर साबणाने हात धुवा.

तेलापाशी आमचा कोकणी माणूस हमखास घसरतो. घरात खोबरेल असतं, ते दारांच्या बिजागऱ्यांना चालतं, केसांना चालतं, मग पिस्तुलाला का नको? कारण ते घट्ट होतं. थंडीच्या सकाळी थिजतं, जुनं झालं की चिकट होऊन धूळ धरतं, आणि स्लाइड अर्ध्यात अडकते. शस्त्रांचं तेलच आणा. तेही थेंबाने. ज्या रुळांवर स्लाइड फिरते तिथे एकेक थेंब, नळीच्या बाहेरून एक पुसट हात. फायरिंग पिनच्या, म्हणजे काडतुसावर ठोका देणाऱ्या सुईच्या, भोकात तेल नको, मॅगझिनमध्ये नको, काडतुसांना तर मुळीच नको. तेल प्रायमरमध्ये, म्हणजे काडतुसाच्या बुडातल्या ठिणगीच्या टिकलीत, शिरलं की गोळी ऐनवेळी फुसकी. ठेवणीतल्या पिस्तुलाच्या नळीत तेलाचा पातळ थर हवा, पण चालवण्याआधी तो पुसून टाकायचा.

आमच्या आजोबांची ठासणीची बंदूक होती. बार काढून आले की ते आजीकडून कढत पाणी मागून घ्यायचे आणि नळी पाण्याने धुवायचे. लहानपणी मला हा वेडेपणा वाटायचा, लोखंडाला पाणी! आर्मररच्या कोर्सला गेल्यावर कळलं की म्हातारा बरोबर होता. काळ्या दारूची राख हवेतलं पाणी ओढून धरते. जुन्या पद्धतीच्या प्रायमरमधूनही क्षारच मागे राहतो. क्षार तेलात विरघळत नाही, पाण्यात विरघळतो. वरून कितीही तेल चोपडा, खाली गंज चालूच. धुऊन झालं की आजोबा बंदूक चुलीवरच्या माळ्याशी टांगायचे, धुराच्या उबेत. आज तशी उघडी टांगलीत तर पोलीस तुम्हालाच टांगतील, पण विचार चुकीचा नव्हता.

कारण आपला खरा शत्रू बारूद नव्हे, खारी हवा. रत्नागिरीकडे वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, तोही बहुतेक चार महिन्यांत. कपाटातल्या चपलांना बुरशी येते तिथे पोलादाचं काय घेऊन बसलात. त्यात घामाचा हात. पिस्तूल पाहुण्याला दाखवून तसंच ठेवलंत, तर आठवड्याने बोटांचे ठसे तांबडे उमटलेले दिसतात, अगदी रेषांसकट. त्या बागायतदारांच्या पिस्तुलावर नेमकं असंच होतं, आणि त्याला जबाबदार ते चामड्याचं म्यान. चामडं ओल धरतं. म्यान कमरेसाठी, ठेवायला नाही. तेलाच्या फडक्याने पुसून, कोरड्या कापडात, कुलपाच्या लोखंडी पेटीत, सोबत सिलिका जेलची पुडी. रंग बदलणारे दाणे मिळतात ते घ्या, रंग पालटला की तव्यावर शेकून पुन्हा वापरता येतात. पावसाळ्यात मी पंधरा दिवसांनी पुसायला सांगतो, एरवी महिन्याने चालतं. निवडणुकीत हत्यार ठाण्यात जमा करता तेव्हाही आधी तेल देऊन द्या, आणि परत आणल्या दिवशीच खोला.

जोडून झालं की स्लाइड मागेपुढे करून बघायची, सेफ्टी लावून ट्रिगर दाबायचा. घोडा पडता कामा नये. आता एक गंमत. त्या हाय-पॉवरच्या घराण्यात मॅगझिन नसेल तर ट्रिगर चालतच नाही. म्हणजे तपासायला रिकामं मॅगझिन घालावं लागतं. आणि रिकामं समजून भरलेलं उचलणारा माणूस मी एका युनिटमध्ये स्वतः पाहिला आहे. वाळूच्या पोत्याने वाचवलं. म्हणून गोळ्या दुसऱ्या खोलीत म्हटलं ना, त्या यासाठीच.

ते बागायतदार आता दर मृगाला येतात. ओट्यावर पाय ठेवायच्या आधी अंगणातच वाळूच्या ढिगाकडे तोंड करतात, मॅगझिन काढून पायरीवर ठेवतात, स्लाइड मागे अडकवतात आणि मला म्हणतात, "बघा." मी करंगळी घालतो. मग ते आत बसतात आणि चहा मागतात.