द्रुताच्या आधी विलंबितच वाजायला हवं: कार स्टिरिओसाठी पेनड्राइव्ह तयार करताना

फायलींना ०१, ०२, ०३ अशी नावं शिस्तीत दिली, तरी स्टिरिओ आधी द्रुत, म्हणजे जलद लयीतलं, वाजवतो आणि मग संथ लयीतलं विलंबित, हे मला अजूनही खपत नाही. रागाची सगळी मांडणीच उलटी होते. स्टिरिओ बसवून देणाऱ्या दुकानात विचारलं तर उत्तर ठरलेलं: "साहेब, पेनड्राइव्ह बदलून बघा." मॅन्युअलमध्ये यूएसबी चालतं एवढंच लिहिलेलं. खरं तर पेनड्राइव्हमध्ये काहीही बिघाड नसतो.

आधीची कामं सोपी आहेत. पुण्याच्या तपकीर गल्लीत पेनड्राइव्ह घेताना ३२ जीबीचाच मागा. ६४ जीबी आणि त्यापुढचे बहुतेक एक्सफॅटमध्ये येतात आणि पुष्कळ स्टिरिओंना फक्त फॅट३२ कळतं (या दोन्ही पेनड्राइव्हवर फायली मांडण्याच्या पद्धती). गाणी एमपी३, ४४.१ किलोहर्ट्झ, १९२ किंवा ३२० केबीपीएस, स्थिर बिटरेट. बदलत्या बिटरेटच्या फायलींत काही जुने सेट वेळ चुकीची दाखवतात. १९२ला पाच मिनिटांचं गाणं साधारण सात एमबी होतं, म्हणजे ३२ जीबीत चार हजारांवर गाणी मावतात. जागेची काटकसर करायची गरज नाही.

आता क्रमाचं. फॅट३२मध्ये प्रत्येक फोल्डरची एक यादी असते. फाइल पेनड्राइव्हवर लिहिली गेली की त्या यादीत तिची नोंद होते, आणि ती अकारविल्हे होत नाही, जी फाइल आधी आली तिची नोंद आधी. कॉम्प्युटर ही यादी वाचून, नावांप्रमाणे लावून मग आपल्याला दाखवतो, म्हणून स्क्रीनवर सगळं सरळ दिसतं. बरेच स्टिरिओ हे लावण्याचं काम करतच नाहीत. यादीत जे पहिलं, ते पहिलं वाजवतात.

आपला स्टिरिओ कसा वागतो ते आधी तपासा. रिकाम्या पेनड्राइव्हवर तीन फायली एकेक करून उलट्या क्रमाने टाका: आधी ०३, मग ०२, शेवटी ०१. गाडीत ०१ पहिली वाजली तर सेट नावं बघतो, तुम्हाला पुढचं काही करायला नको. ०३ पहिली वाजली तर तो नोंदींच्या क्रमाने चालतो.

तसा असेल तर फायलींचा गठ्ठा माउसने ओढून टाकू नका. विंडोजमध्ये ज्या फाइलला धरून गठ्ठा ओढाल तीच बहुधा आधी कॉपी होते, आणि शेवटच्या फाइलला धरलं की द्रुत पुढे गेलंच. आणखी एक खोच आहे. फाइल पुसली की तिच्या नोंदीची जागा मोकळी होते आणि नंतर टाकलेली फाइल त्याच जागेत जाऊन बसू शकते. म्हणून एखादी खराब फाइल काढून नवी टाकली की ती शेवटी न येता मध्येच कुठेतरी वाजते. त्यापेक्षा अख्खा फोल्डर उडवून नव्याने लिहावा.

कायमचा उपाय म्हणजे नोंदीच लावून देणारा प्रोग्रॅम. विंडोजवर ड्राइव्हसॉर्ट, लिनक्सवर फॅटसॉर्ट. गाणी पुन्हा कॉपी होत नाहीत, फक्त यादीतल्या नोंदी जागा बदलतात, त्यामुळे काम झटक्यात होतं. फॅटसॉर्ट चालवण्याआधी पेनड्राइव्ह अनमाउंट करायचा, म्हणजे सिस्टिमपासून सोडवायचा, पण पोर्टमधून काढायचा नाही. फोल्डरांचा क्रमही याच नियमाने ठरतो, तेव्हा त्यांनाही आकडे द्या. आणि आकडे दोन अंकी हवेत, नाहीतर १ नंतर १० येतो. एवढी साधी गोष्ट मॅन्युअलमध्ये दोन ओळींत सांगता आली असती, याचा मला मनापासून राग आहे.

मॅकवरून कॉपी करणाऱ्यांसाठी: टिंब आणि अंडरस्कोअरने सुरू होणाऱ्या लपलेल्या फायली सोबत जातात. स्टिरिओ त्यांना गाणी समजतो आणि तिथे अडतो. त्या आधी पुसा, मग नोंदी लावा.

देवनागरी नावांचं म्हणाल तर एमपी३टॅग या प्रोग्रॅममध्ये टॅग (फाइलमध्येच साठवलेली गाण्याची, गायकाची नावं) आयडी३ २.३, यूटीएफ-१६ असे लिहा. २.४चे यूटीएफ-८ टॅग जुन्या सेटना वाचता येत नाहीत, मग टोपीवाली परकी अक्षरं दिसतात. तरीही चौकोन दिसले तर सेटमध्ये फॉन्टच नाही. फॉन्ट असूनही 'विठ्ठल'ची वेलांटी व-च्या उजवीकडे गेली आणि ठ्ठ सुटा झाला, तर सेटला अक्षरं जोडता येत नाहीत. या दोन्ही दुखण्यांना टॅग बदलून इलाज नाही, नावं सरळ रोमनमध्ये लिहावीत.

आवाजाचं राहिलंच. जुनी ध्वनिमुद्रणं हळू आणि नवी गाणी कर्कश, कात्रजचा घाट चढताना सारखं बटण फिरवावं लागतं. एमपी३गेन हा प्रोग्रॅम ८९ डेसिबलवर ठेवून सगळ्या फायली एका पातळीला आणा. तो गाणं पुन्हा एन्कोड करत नाही, दीड-दीड डेसिबलच्या पायऱ्यांनी पातळी बदलतो, त्यामुळे दर्जा घटत नाही. एका रागाच्या विलंबित-द्रुताला मात्र 'अल्बम गेन' लावा (सगळ्या फायलींची पातळी एकाच मापाने बदलते), 'ट्रॅक गेन' नको (प्रत्येक फाइलची वेगळी बदलते). आलापाचा हळू आवाज तानांच्या बरोबरीला आणला तर गायकाने राखलेला चढउतारच नाहीसा होतो.