‘पिटिफुल’ देव

आज इंग्रजीत कुणाला ‘पिटिफुल’, म्हणजे कीव यावी इतका टाकाऊ, म्हणून बघा, भांडणच होईल. पण १६११ सालच्या ‘किंग जेम्स’ या इंग्रजी बायबलात हे विशेषण खुद्द परमेश्वराला लावलंय. याकोबाच्या पत्रात तो ‘व्हेरी पिटिफुल’ आहे, म्हणजे फार कनवाळू. पेत्राच्या पत्रात तर भाविकांना ‘पिटिफुल व्हा’ असा उपदेशच आहे.

तेव्हाचा अर्थ सरळ होता, दयेने भरलेला. तो ठाऊक नसेल तर त्याच बायबलातल्या विलापगीतातली एक ओळ पार चुकते. जेरुसलेमला वेढा पडलाय, अन्नाचा कण नाही, आणि ‘पिटिफुल’ बायकांनी आपल्याच हातांनी पोटची मुलं शिजवली. आजचा वाचक ‘बिचाऱ्या बायका’ समजून पुढे जातो. कवी मात्र म्हणतोय, मायाळू बायकांनी. अंगावर काटा यायचा तो या विशेषणामुळेच.

मुळाशी आहे लॅटिन ‘पिएतास’, म्हणजे देव, आईबाप आणि देश यांच्याशी असलेली कर्तव्यनिष्ठा. जळत्या ट्रॉयमधून म्हाताऱ्या बापाला खांद्यावर घेऊन निघालेला एनिअस हा रोमनांचा श्रावणबाळ. पुढे त्या शब्दात करुणा मिसळली आणि फ्रेंचमार्गे इंग्रजीत एकाचे दोन झाले: ‘पायटी’ म्हणजे भक्ती, ‘पिटी’ म्हणजे दया. ‘पिटन्स’ही याच घरातला. पुण्य म्हणून कुणी मठाला दान द्यायचं, त्यातून साधूंच्या ताटात एखादा जादा पदार्थ पडायचा, तो पिटन्स. आता तुटपुंज्या पगाराला म्हणतात!

घोळ ‘फुल’ या प्रत्ययाचा. दया करणारा की दया यावी असा, हे तो सांगतच नाही. आपल्याकडे ‘दयाळू’ आणि ‘दयनीय’ यांची वाटणी पक्की आहे, गल्लत होत नाही. इंग्रजीत मात्र एकाच शब्दावर दोन्ही अर्थ लादले गेले, आणि वर तिसरा चढला, तुच्छतेचा. अर्थात दयेतून तुच्छता उगवणं मराठीलाही नवं नाही. ‘तुझी कीव येते’ हे काही सांत्वन नव्हे.

आता वापरायचं कसं? रडणं, हाक केविलवाणी असेल तर ‘पिटियस’. हालत दयनीय असेल तर ‘पिटिएबल’. कनवाळू माणसाला ‘कंपॅशनेट’. ‘पिटिफुल’ अवस्थेला अजून चालतं, पण कुणाच्या प्रयत्नाला लावलं की टोमणाच. सांत्वनाच्या पत्रात तर ते नकोच.